शुभवर्तमानकारांच्या हातातला जुना ग्रंथ

रायपूरहून नागपूरकडे जाणारी गाडी दुर्ग सोडून पुढे निघाली, की थोड्याच वेळात राजनांदगाव लागते. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात या स्टेशनाची नोंद आहे. १८९३ साली नारायण वामन टिळक नोकरीच्या निमित्ताने नागपूरकडून या संस्थानी गावाला येत असता डब्यात त्यांची एका युरोपियन गृहस्थाशी गाठ पडली. बोलणे संस्कृत काव्यावरून निघाले आणि धर्मावर येऊन ठेपले. निरोप घेताना त्या गृहस्थाने टिळकांच्या हाती नव्या कराराची एक प्रत दिली आणि दोन वर्षांच्या आत तुम्ही ख्रिस्ती व्हाल, असे भाकीत केले. पुस्तक वाचण्याचे वचन टिळकांनी दिले आणि ते पाळले. वाचता वाचता ते डोंगरावरील प्रवचनापाशी पोचले, आणि मग ती पाने त्यांच्याने सोडवेनात. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला.

ही हकीकत मराठी वाचकांच्या चांगल्या परिचयाची आहे. तिच्यातील एका साध्या गोष्टीकडे मात्र सहसा कोणाचे लक्ष जात नाही. डोंगरावरील प्रवचन हे मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या पाचव्या अध्यायात सुरू होते. नवा करार पहिल्या पानापासून वाचू लागणाऱ्याला त्यापूर्वी चार अध्याय ओलांडावे लागतात; आणि हे चार अध्याय अशा वाचकाला उद्देशून लिहिलेले आहेत, की ज्याला दुसरा एक ग्रंथ जवळजवळ मुखोद्गत आहे. तो दुसरा ग्रंथ म्हणजे यहुद्यांचे धर्मशास्त्र. गाडीत मिळालेल्या त्या प्रतीत तो नव्हता. एखाद्याला महाभारत ठाऊक नसावे आणि त्याच्या हाती एकदम गीतेवरील टीका पडावी, तशीच ही स्थिती होय. शुभवर्तमानकारांनी या जुन्या ग्रंथाचा व इतर पूर्वसाधनांचा उपयोग कसा केला, आणि त्या उपयोगाचे आपण काय समजावयाचे, याविषयी आज थोडे बोलावयाचे आहे.

मत्तयाचा आरंभ वंशावळीने होतो. पुराणे ऐकत आलेल्या मराठी माणसाला तिचे नवल वाटू नये. अब्राहामापासून दावीदापर्यंत चौदा पिढ्या, दावीदापासून बाबिलोनच्या बंदिवासापर्यंत चौदा, आणि तेथून येशूपर्यंत चौदा, असा तिचा हिशेब मत्तय स्वतः सांगतो. हा हिशेब जुळावा म्हणून त्याने मधले तीन राजे गाळले आहेत. आणि एवढे करूनही शेवटच्या गटातील नावे मोजू गेल्यास ती तेराच भरतात. पण त्याला शिरगणती करावयाची नव्हतीच. हिब्रू लिपीतील अक्षरांना अंकांचे मोल असते, आणि दावीद या नावातील अक्षरांची बेरीज चौदा होते. म्हणजे वंशावळ वाचतानाच, येथे दावीदाच्या राज्याचा वारस येत आहे, हे ज्याला कळावयाचे त्याला कळून जाते. ज्याला ते कळत नाही, त्याला ही केवळ अवघड नावांची यादी वाटते.

यानंतर हेरोद राजा बेथलेहेमातील बालकांचा वध करवितो. येथे आपल्या मनात तत्काळ कंस उभा राहतो. मत्तयाच्या पहिल्या वाचकांच्या मनात मात्र कंस नव्हता. त्यांच्या डोळ्यांपुढे मिसर देशाचा तो फारो होता, ज्याने इस्राएलांची मुलगे नदीत टाकण्याची आज्ञा दिली आणि ज्याच्या हातून मोशे वाचला. मत्तय हे नाव घेऊन सांगत नाही, परंतु एक खूण ठेवतो. हेरोद मेल्यावर स्वप्नात योसेफाला सांगण्यात येते, की बालकाच्या जिवावर उठलेले लोक मरण पावले आहेत. मरण पावला आहे तो एकटा हेरोद. मग हे अनेकवचन कशाला? कारण ‘निर्गम’ या ग्रंथात परागंदा झालेल्या मोशेला मिसर देशी परत जाण्याची आज्ञा होते, तेव्हा ती याच शब्दांत व याच अनेकवचनात होते. लेखकाने वाक्य तेथून उचलले आहे आणि त्याचे वचनही बदललेले नाही. हा अनवधानाचा प्रकार आहे असे मला वाटत नाही. जुन्या वाक्याचा आवाज ओळखू यावा, एवढ्यासाठीच ते तसे ठेवलेले आहे.

मिसरातून मी माझ्या पुत्राला बोलाविले, अशा अर्थाचे होशेय संदेष्ट्याचे वचनही मत्तय येथे देतो आणि ते आता पूर्ण झाले असे म्हणतो. होशेयाचे पुस्तक उघडून पाहिले, तर तेथे भविष्य मुळीच नाही. तेथे भूतकाळ आहे. पुत्र म्हणजे इस्राएल हे राष्ट्र. त्या राष्ट्राला मिसराच्या दास्यातून सोडविले, वाढविले, आणि तरी ते कृतघ्न झाले, अशी परमेश्वराची ती व्यथा आहे. मत्तयाला हे ठाऊक नव्हते असे म्हणणे म्हणजे त्याला फारच भोळा समजणे होय. त्याची दृष्टी निराळी आहे. एका राष्ट्राचे चरित्र एका माणसाच्या आयुष्यात पुन्हा घडत आहे, असे तो दाखवीत आहे. राष्ट्र मिसरातून आले, समुद्रातून पार झाले, चाळीस वर्षे अरण्यात भटकले, आणि पर्वताच्या पायथ्याशी त्याला नियमशास्त्र मिळाले. येशू मिसरातून येतो, यार्देन नदीच्या पाण्यात उतरतो, चाळीस दिवस अरण्यात राहतो, आणि मग डोंगरावर चढून शिकवू लागतो. अरण्यात सैतानाला त्याने दिलेली तिन्ही उत्तरे ‘अनुवाद’ या मोशेच्या पाचव्या पुस्तकातील आहेत, आणि त्या पुस्तकात ती त्या चाळीस वर्षांच्या आठवणींशीच निगडित आहेत. इतके सगळे ध्यानात घेतले, म्हणजे ज्या डोंगरापाशी टिळक थबकले तो कोणत्या पर्वतासमोर उभा केलेला आहे, हे दिसू लागते.

सर्वच ठिकाणी गोष्ट इतकी सरळ नाही. कुमारी गर्भवती होईल या वचनावर आजवर जितकी शाई सांडली, तितकी क्वचितच दुसऱ्या एखाद्या वाक्यावर सांडली असेल. यशयाच्या सातव्या अध्यायात इसवी सनापूर्वीच्या आठव्या शतकातला एक अडचणीत सापडलेला राजा आहे, आहाज त्याचे नाव. दोन शेजारी राजे त्याच्यावर चालून आले आहेत. संदेष्टा त्याला सांगतो, की अमुक तरुण स्त्रीला मुलगा होईल, आणि त्या मुलाला बरेवाईट समजू लागण्यापूर्वीच या दोन्ही राजांचा निकाल लागेल. म्हणजे खूण होती ती त्या राजाच्या हयातीतली. मूळ हिब्रू शब्दाचा अर्थ तरुण स्त्री एवढाच. परंतु अलेक्झांड्रियाकडील ग्रीक बोलणाऱ्या यहुद्यांनी आपल्या शास्त्राचे जे भाषांतर केले, ज्याला सत्तर पंडितांचे भाषांतर म्हणतात, त्यात या ठिकाणी कुमारी या अर्थाचा ग्रीक शब्द आला. शुभवर्तमाने ग्रीक भाषेत लिहिली गेली आणि त्यांच्या लेखकांच्या हाती बहुधा हेच भाषांतर असे. भाषांतरातल्या एका शब्दाने दोन धर्मांमधला केवढा वाद उभा राहिला!

जुने धर्मशास्त्र हा या लेखकांचा एक आधार झाला. दुसरा आधार म्हणजे त्यांच्या आधी लिहिणारे लोक. लूक तर हे आरंभीच सांगून टाकतो: पुष्कळांनी हे वृत्त लिहिण्याचे मनावर घेतले, प्रत्यक्ष पाहणाऱ्यांनी ते आम्हांला सोपवून दिले, आणि मीही सर्व शोध करून ते व्यवस्थित लिहीत आहे. आपल्या महिपतीची येथे आठवण झाल्यावाचून राहत नाही. १७६२ साली ‘भक्तविजय’ लिहिताना नाभाजी आणि उद्धवचिद्घन यांच्या ग्रंथांचा आपल्याला आधार आहे, हे महिपतीने मोकळेपणाने सांगितले. महिपतीने नावे तरी दिली; लूक ती देत नाही, आणि म्हणून दीडदोनशे वर्षे विद्वानांना उद्योग मिळाला आहे.

त्या उद्योगातून जे निष्पन्न झाले त्यातील मुख्य भागाविषयी आता फारसा मतभेद राहिलेला नाही. चौघांत मार्क सर्वांत आधीचा. त्याचा काळ इसवी सन ७० च्या आसपासचा. मत्तय आणि लूक त्यानंतरच्या वीस-एक वर्षांतले, आणि दोघांच्याही समोर मार्काचा ग्रंथ होता. मार्काची वचने सुमारे ६६०. त्यांपैकी सुमारे ६०० वचनांचा आशय मत्तयात उतरलेला आहे. हे साम्य ऐकीव स्मरणाचे नव्हे, लेखी नकलेचे आहे, याचा एक गमतीदार पुरावा आहे. यरुशलेमेच्या नाशाविषयी येशू शिष्यांशी बोलत असताना मध्येच एक लहान सूचना येते, की वाचणाऱ्याने हे समजून घ्यावे. येशूपुढे बसलेले तर ऐकणारे होते. वाचणारा आला कोठून? ही सूचना मार्काने आपल्या वाचकासाठी घातलेली आहे, आणि मत्तयात ती नेमकी त्याच जागी, तशीच आहे. नक्कल करणाऱ्याने समासातला शेराही उतरून घ्यावा, तसे हे झाले.

मत्तय व लूक या दोघांत समान असलेली, पण मार्कात नसलेली अशीही कितीतरी वचने आहेत. डोंगरावरील प्रवचनाचा बराच भाग त्यांतलाच. ती येशूच्या वचनांच्या एखाद्या हरवलेल्या संग्रहातून आली असावीत, असे अनेक विद्वान मानतात. त्या संग्रहाचे एकही पान आजवर सापडलेले नाही. म्हणून असा संग्रह नव्हताच, लुकाने मत्तयच वाचला होता, असे म्हणणारा एक पक्षही आहे, आणि त्याचे म्हणणे अगदीच टाकाऊ नाही.

लुकाची एक खुबी सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. त्याची प्रस्तावना सुशिक्षित ग्रीक लेखकाला शोभेल अशा सफाईदार गद्यात आहे. ती संपते, आणि पुढच्याच वाक्यापासून भाषा बदलते. सत्तर पंडितांच्या भाषांतरातली जुनी, सोज्ज्वळ, काहीशी हिब्रू वळणाची भाषा सुरू होते. अद्ययावत मराठीत प्रस्तावना लिहून झाल्यावर एखाद्या लेखकाने एकदम पोथीच्या वळणावर जावे, तसा तो पालट आहे. मरियेच्या मुखी तो जे स्तोत्र घालतो, ते शमुवेलाची आई हन्ना हिच्या जुन्या स्तोत्राच्या चालीवर रचलेले आहे. वांझपणाचे दुःख सोसलेल्या त्या स्त्रीने गर्विष्ठ खाली ओढले जातील व दीन वर उचलले जातील असे गाइले होते. गालील प्रांतातल्या एका अविवाहित मुलीच्या ओठांवर तेच गाणे पुन्हा येते.

परंतु जुन्या ग्रंथाचा उपयोग सर्वांत गंभीर झालेला आहे तो येशूच्या मरणाच्या वर्णनात. वस्त्रे वाटून घेणारे शिपाई, चिठ्ठ्या टाकणे, माना हलवून चेष्टा करणारे वाटसरू, आणि शेवटी देवाने आपल्याला का टाकले असा आक्रोश: मार्काने दिलेले हे सारे तपशील बाविसाव्या स्तोत्रात आहेत. मार्क मात्र हे स्तोत्र पूर्ण झाले असे कोठेही म्हणत नाही. तो कथा सांगतो, आणि कथेचे शब्दच स्तोत्राचे असतात. मत्तयाने ते तसेच ठेवले. लुकाला तो आक्रोश सोसवला नसावा. त्याने तेथे एकतिसाव्या स्तोत्रातील शब्द घातले, आणि त्याचा येशू आपला आत्मा पित्याच्या हाती सोपवून शांतपणे प्राण सोडतो. मरण एकच आणि ते सांगणारे दोन. दोघांनीही शब्द काढले ते एकाच जुन्या पोथीतून, फक्त पाने वेगवेगळी.

हिब्रू काव्यात एकच गोष्ट दोन चरणांत दोन प्रकारे सांगण्याची रीत आहे. जखऱ्या संदेष्ट्याने नम्र राजा गाढवावर, गाढवीच्या शिंगरावर बसून येईल असे गाइले, जनावर एकच. मत्तय मात्र गाढवी व शिंगरू अशी दोन जनावरे आणवितो. स्तोत्रकार म्हणतो, माझी वस्त्रे वाटून घेतली, माझ्या पेहरावावर चिठ्ठ्या टाकल्या. योहानाने वस्त्रांचे चार वाटे वेगळे केले आणि बिनशिवणीच्या अंगरख्यावर चिठ्ठ्या वेगळ्या टाकविल्या. काव्याचा चरण असा शब्दशः धरला, म्हणजे त्यातून कथेचा एक नवा तपशील जन्माला येतो.

मग हे सगळे जुन्या ग्रंथावरून रचलेले म्हणावयाचे काय? थट्टेखोरांनी तसे म्हटले आहे. उलट सगळे आधीच भाकीत केलेले होते आणि अक्षरशः तसे घडले, असे भाविकांनी म्हटले आहे. मला दोन्ही उत्तरे घाईची वाटतात. पंतय पिलाताच्या अमदानीत येशूला क्रूसावर दिले, ही गोष्ट इतिहासाच्या दृष्टीने पक्की आहे. त्यापूर्वीच्या यहुदी वाङ्मयात क्रूसावर मरणाऱ्या मसीहाची वाट कोणी पाहत असल्याचे आढळत नाही; झाडाला टांगलेला मनुष्य शापित समजावा असेच नियमशास्त्र सांगत होते. म्हणजे येथे जुन्या ग्रंथाने घटना निर्माण केली नाही. घटनेने माणसांना हादरवून सोडले, आणि त्या हादरलेल्या माणसांनी आपल्याजवळ असलेल्या एकुलत्या एका ग्रंथात शब्द शोधले. घरात मृत्यू झाला असता आपल्या बायका ज्या ओव्या म्हणत, त्या काही त्या दिवशी रचलेल्या नसत. बेथलेहेमाची गोष्ट याहून वेगळी आहे. येशू नासरेथचा, एवढेच मार्काला ठाऊक आहे. मत्तय व लूक दोघेही त्याचा जन्म दावीदाच्या गावी नेतात, पण दोघांच्या वाटा जुळत नाहीत: मत्तयाच्या मते घर बेथलेहेमातच होते व पुढे ते नासरेथला हलले, तर लुकाच्या मते घर नासरेथला होते आणि खानेसुमारीसाठी बेथलेहेमला जावे लागले. येथे मीखाचे वचन आधी आणि वाट मागाहून, असा अभ्यासकांचा कल आहे. प्रत्येक ठिकाणी वेगळा विचार करावा लागतो. एक सरसकट कसोटी लावून भागत नाही.

शास्त्राचे असे वाचन ही ख्रिस्ती लोकांची क्लृप्ती होती, असे एके काळी समजत. १९४७ साली मृत समुद्राच्या काठच्या गुहांत जुन्या गुंडाळ्या सापडल्या आणि हा समज राहिला नाही. तेथील एका गुंडाळीत हबक्कूक संदेष्ट्याच्या वचनांवर ओळीओळीने टीका आहे. संदेष्टा बोलला ते आपल्या काळाविषयी, आपल्या गुरूविषयी आणि त्याच्या वैऱ्यांविषयीच, असे त्या पंथाचा टीकाकार ठामपणे सांगतो. हा पंथ यहुदी होता. मत्तय, मार्क आणि योहान हेही बहुधा जन्माने यहुदीच. एकाच घरातल्या भावांनी बापाच्या कागदपत्रांचा अर्थ आपापल्या परीने लावावा, तसे हे होते.

भांडण भाऊबंदकीचे होते तोवर ठीक होते. पुढे मंडळीत यहुदी उरले नाहीत, आणि त्याच वाचनाचा आरोप झाला: हे तुमच्याच ग्रंथात लिहिले आहे आणि तुम्हांलाच ते कळत नाही. दुसऱ्या शतकात जस्टिन नावाच्या ख्रिस्ती तत्त्वज्ञाने त्रुफो नावाच्या यहुद्याशी झालेला संवाद लिहून ठेवला आहे. त्यात त्रुफो म्हणतो, की यशयाचा शब्द तरुण स्त्री असा आहे आणि ते वचन हिज्कीया राजाविषयीचे आहे. म्हणजे आज विद्वान जे सांगतात, त्याचे सार त्या यहुद्याने तेव्हाच सांगितले होते. त्याचे ऐकण्याची कोणाला गरज वाटली नाही. युरोपातील यहुद्यांनी त्याची काय किंमत मोजली हे सर्वश्रुत आहे. सर्व यहुद्यांवर ठेवलेला तो दोष कॅथलिक धर्मपीठाने अधिकृतपणे नाकारला, तो १९६५ साली.

मराठी भाषेला या कथेत अगदी स्वतःची अशी जागा आहे. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ साली गोव्यात उतरला. तेथील नव्या ख्रिस्त्यांना पुराणे ऐकण्याची सवय होती. त्यांच्यासाठी त्याने जवळजवळ अकरा हजार ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ रचले आणि ते १६१६ साली छापले गेले. टिळकांपुढे गाडीत जी अडचण उभी राहिली, ती स्टीफन्सने तीनशे वर्षे आधी ओळखली होती. जुन्या ग्रंथाशिवाय ख्रिस्ताची कथा कळावयाची नाही, म्हणून त्याने आपल्या ग्रंथाचे दोन भाग केले. ‘पहिलें पुराण’ छत्तीस अवस्वरांचे, त्यात सृष्टीच्या उत्पत्तीपासून यहुदी शास्त्रातील कथा. आणि मग एकोणसाठ अवस्वरांचे ‘दुसरें पुराण’. त्याची ओवी खरोखर गोड आहे. परंतु स्टीफन्स ज्या गोव्यात आला, तेथे १५६० पासून इन्क्विझिशनचे न्यायासन बसलेले होते, आणि गुप्तपणे यहुदी धर्म पाळल्याचा संशय हा त्याच्यापुढचा एक मोठा गुन्हा होता. प्रसिद्ध वनस्पतिवैद्य गार्सिया द ओर्ता याला मृत्यूनंतर त्याच गुन्ह्याबद्दल दोषी ठरविले, आणि १५८० साली त्याची हाडे उकरून जाळली. स्टीफन्सला येऊन तेव्हा एक वर्ष झाले होते. अब्राहाम-मोशेंच्या कथा ओवीत गाव्यात, आणि त्यांच्या वंशजांची हाडेसुद्धा जमिनीत सुखाने पडू देऊ नयेत, हे एकाच नगरीत चालले होते.

टिळकांनी पुढे ओवीबद्ध ‘ख्रिस्तायन’ आरंभिले. त्यांच्या हातून दहा-अकरा अध्याय झाले, आणि १९१९ साली ते वारले. उरलेले साठांहून अधिक अध्याय लक्ष्मीबाईंनी लिहिले. १९३८ साली ते काव्य छापून निघाले, तेव्हा त्याही हयात नव्हत्या. नावातच रामायणाची ओळख ठेवली आहे. मोशेच्या जागी आपला ओळखीचा आवाज आणण्याचा हा प्रयत्न. मत्तयाने केले त्याच जातीचे हे काम आहे, फक्त जुना ग्रंथ दुसरा आहे.

आणि मराठी बोलणारे यहुदीही आहेतच. कोकणातील बेने इस्राएल समाजासाठी १८३२ साली जॉन विल्सन या मिशनऱ्याने मराठीतून हिब्रूचे व्याकरण लिहिले. त्याचा हेतू त्यांना ख्रिस्ताकडे आणण्याचा होता. समाजाने हिब्रू घेतली आणि आपला धर्म ठेवला. वल्हांडण सणाची पोथी मराठी भाषांतरासह १८७४ साली पुण्यात छापली गेली. १८८० पासून हा समाज कीर्तनेही करू लागला; योसेफ, मोशे यांसारख्यांची आख्याने मराठी कीर्तनाच्या चालीवर रंगू लागली. ज्या कथा स्टीफन्सने ख्रिस्ताच्या प्रस्तावनेसाठी गाइल्या, त्या येथे कशाचीच प्रस्तावना नव्हत्या.

श्रोतेहो, एकाच ग्रंथाची ही दोन रूपे ग्रंथाच्या शेवटच्या पानावरही दिसतात. ख्रिस्ती लोकांचा जुना करार मलाखी संदेष्ट्यापाशी संपतो. एलीया पुन्हा येईल असे मलाखी सांगतो, आणि पान उलटताच मत्तय सुरू होतो. यहुद्यांच्या क्रमात मलाखी मध्येच कोठेतरी आहे. त्यांचा ग्रंथ संपतो तो इराणच्या कोरेश राजाच्या फर्मानाने, की ज्याला यरुशलेमेला परत जावयाचे असेल त्याने जावे. पुस्तके तीच, परंतु एकाचा शेवट वाट पाहण्यात होतो, दुसऱ्याचा घरी परतण्यात.

या एलीयाला मार्काने पहिल्याच अध्यायात आणले आहे. बाप्तिस्मा करणारा योहान केसांचे वस्त्र नेसतो व कमरेला कातडी पट्टा बांधतो. राजांच्या इतिहासात एलीयाचा वेश असाच वर्णिला आहे. नाव न घेता केवळ पोशाखावरून सुचविले आहे, की तो अग्रदूत हाच. अलिबागजवळच्या खंडाळे गावी जाणाऱ्या बेने इस्राएलांचा एलियाहू मात्र निराळा. त्याचा अग्निरथ तेथे खडकावर टेकला होता अशी त्यांची श्रद्धा आहे, आणि पोहे, नारळ व साखर यांचा मलिदा ते त्याच्या नावाने करतात. योहानाचीही तीच कथा. त्याचे स्वतःचे शिष्य होते. इराक-इराणच्या नद्यांकाठी राहत आलेला, आता देशोदेशी विखुरलेला मंदाई पंथ योहानाला आजही मोठा मानतो, आणि येशूला मानीत नाही.

दुसऱ्याच्या पूर्वजाला आपला अग्रदूत करून घेण्याचा हा प्रकार आमच्या रायपूरच्या परिसरातही घडलेला आहे. १८६८ साली ऑस्कर लोर या जर्मन मिशनऱ्याने तेव्हाच्या रायपूर जिल्ह्यात बिश्रामपूर येथे ठाणे वसविले. गुरू घासीदासांचे अनुयायी सतनामी मूर्तिपूजा करीत नाहीत, एका सत्य नावाला भजतात, हे ऐकून हा सारा समाज ख्रिस्ताकडे येईल अशी त्याची आशा होती. थोडेसे लोक आले. समाज आला नाही. पुढे १९३० च्या दशकात रायपूरहून निघालेल्या एका हिंदी पुस्तिकेत एका भारतीय ख्रिस्ती प्रचारकाने घासीदासांची कथा नव्याने सांगितली आणि त्यांचा पंथ ख्रिस्ताकडे जाणाऱ्या वाटेवरचा एक टप्पा म्हणून मांडला. त्या लेखकाला दोष द्यावा असे मला वाटत नाही. तो मत्तयाच्या शाळेत शिकला होता, आणि आपल्या पूर्वजांचा गुरू व आपला नवा प्रभू यांना एका कथेत बसविल्यावाचून त्याच्याही जिवाला स्वस्थता नसावी. पण ज्यांचे घासीदास, त्यांना हे वाचून काय वाटले असेल, याचा विचार केला म्हणजे त्रुफोचे बोलणे जरा जवळून ऐकू येते. दर वर्षी १८ डिसेंबरला छत्तीसगडच्या गावोगावी जैतखांबावर पांढरे निशाण चढते, मांदर वाजू लागतो, आणि पायांत घुंगरू बांधलेले सतनामी तरुण पंथी नाचत आपल्या गुरूची कथा गातात. ती कथा गिरोदपुरीला सुरू होते, आणि तिच्यात घासीदास हे गुरूच असतात.